बगळ्याच्या दगडासमोर

आलायदा रोडेनबुर्खचा दिवस पाण्यावर उगवायचा. अ‍ॅमस्टरडॅमच्या उत्तर काठावर तिचं दोन खोल्यांचं घर होतं आणि पोटाचं काम दक्षिण काठावर. मधल्या रुंद पाण्यावरून सकाळी सातची फेरीबोट तिला पलीकडे सोडायची. सव्वीस वर्षं हे चाललं होतं. बोटीत ती कधी बसली नाही. सायकलच्या मुठी धरून अगदी पुढच्या कठड्याशी उभी राही, वारा तोंडावर घेई, आणि पाण्यावरचा राखाडी उजेड हळूहळू फाकत जाताना दिवसाची पहिली वाक्यं मनात लावून बघे. पाऊस असला तरी तिथंच. पावसाला भिणाऱ्या माणसानं या देशात जन्मच घेऊ नये, असं तिची आई म्हणायची.

वय बासष्ट. उंच, हाडापेरानं रुंद, केस आखूड आणि पांढरे. अंगात गडद निळा रेनकोट आणि हातात पिवळी छत्री. ती छत्री पावसासाठी नव्हती. तिथल्या वाऱ्यात छत्री उघडणं म्हणजे दोन काड्या आणि एक फडकं घरी नेणं. ती मिटलेलीच असायची. उंच धरली की मागची चाळीस-पंचेचाळीस माणसं, कुठकुठल्या देशांतली, मुकाट तिच्या मागून चालू लागत. नवरा पंधरा वर्षांपूर्वी वेगळा झाला होता. भांडण झालं नव्हतं. कपाटं आणि भांडी वाटून घेतली होती. वाढदिवसाला दोघं अजून एकमेकांना कार्ड पाठवत.

काम असं, की परमुलखातून आलेल्या माणसांना एका दिवसात हा देश दाखवायचा. सकाळी साडेआठला अ‍ॅमस्टरडॅमच्या स्टेशनामागून बस सुटे. आधी रॉटरडॅम, मग डेल्फ्ट, मग हेग, आणि दिवेलागणीला परत. एवढ्या वेळात शहरं कळत नाहीत, हे तिला ठाऊक होतं. पण वेळेवर गेलं तर चुकीची तरी कळत नाहीत, असं तिचं म्हणणं होतं.

वेळ हा तिचा धर्म होता. दर थांब्याला ती निघायची वेळ तीन भाषांत सांगे, मग बोटांवर दाखवी, आणि शेवटी म्हणे, “बस थांबत नाही.” लोक हसत. सहा वर्षांपूर्वी रॉटरडॅममध्ये एक नवं लग्न झालेलं जोडपं असंच हसलं होतं आणि सात मिनिटं उशिरा आलं होतं. बस तोवर हमरस्त्याला लागली होती. तक्रार मालकापर्यंत गेली. मालकानं विचारलं, तेव्हा आलायदा म्हणाली, “त्रेचाळीस माणसं वेळेवर येऊन बसली होती. त्यांची तक्रार कोण लिहून घेणार?” मालकानं पुन्हा विचारलं नाही.

बस चालवायचा वोब्बे. तो उत्तरेकडचा, फ्रिसलंडचा. तिकडची माणसं शब्द मोजूनमापून काढतात, जसे काही ते परत मिळणार नाहीत. चौदा वर्षं दोघं एका बसमध्ये होती. वोब्बे तिला कधी नावानं हाक मारी, कधी नुसतं “जनरलसाहेब” म्हणे. तिला ते आवडायचं, पण तिनं तसं कधी दाखवलं नाही.

ऑक्टोबरातला एक गुरुवार. आभाळ खाली आलेलं, झाडांची पानं कालव्यांवर पिवळी पडून तरंगत होती. रॉटरडॅमबद्दल आलायदा नेहमी थोडकंच बोलायची. उंच काचेच्या इमारतींखाली छत्री टेकून ती म्हणाली, “युद्धात या शहराचं काळीज एका दुपारी जळालं. लोकांनी राख झाडली आणि नवं बांधलं. इथं जुनं काही शोधू नका. इथली म्हातारी माणसं इमारतींपेक्षा जुनी आहेत.” मग तिनं सगळ्यांना मोठ्या बाजाराच्या कमानीखाली सोडलं. निघायची वेळ अकरा वाजून दहा मिनिटं.

अकरा वाजून दहाला वोब्बेनं दाराचं बटण दाबलं आणि दार मिटता मिटता त्यात हातातली एक पिशवी अडकली. पिशवी पोर्तुगालच्या ओलिंदाबाईंची होती. ठेंगण्या, ठसठशीत, कानात मोत्याची कुडी. मागून त्यांचे यजमान दुआर्ते एकेक पायरी मोजत येत होते.

“यांचे गुडघे धरतात,” ओलिंदाबाई धापा टाकत म्हणाल्या. “दोन मिनिटं कळ काढली असती तर आकाश कोसळलं असतं का?”

“गुडघ्यांबद्दल मला वाईट वाटतं,” आलायदा म्हणाली. “पण ही बस त्या गुडघ्यांची नाही, बाई. सगळ्यांची आहे.”

“मी तीस वर्षं शाळा चालवली. पोरांनासुद्धा मी असं बोलले नाही कधी.”

“मग पोरं उशिरा येत असतील.”

बस हसली. दुआर्ते सगळ्यांत मोठ्यानं हसले, म्हणून ओलिंदाबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. मग त्या आपल्या जागेवर बसल्या, पिशवी मांडीवर ठेवली, मनगटावरचं घड्याळ नीट फिरवून वर आणलं आणि एवढंच म्हणाल्या, “बघू.”

डेल्फ्ट हे आलायदाचं गाव. ती तिथं जन्मली, त्याच विटांच्या गल्ल्यांतून शाळेत गेली. पण हे ती प्रवाशांना सांगत नसे. ती त्यांना जुन्या चर्चचा कललेला मनोरा दाखवी, निळ्या चित्रांची चिनी माती दाखवी, आणि बाजारचौकाकडे नेताना मुद्दाम एका अरुंद कालव्याच्या काठानं वळण घेई. त्या काठाला दोन झुकलेली लिंडनची झाडं, एक कमानीचा पूल, आणि एका घराच्या दारावर भिंतीत बसवलेला कोरीव दगड होता. दगडावर बगळा होता. बगळ्याच्या चोचीत किल्ली होती.

त्या दगडासमोर उभी राहून ती दररोज एक गोष्ट सांगायची. फार पूर्वी या घरात बियर गाळणारा माणूस राहायचा. कालव्याचं पाणी पिण्याजोगं नव्हतं, त्यामुळे लहानथोर सगळे पातळ बियरच प्यायचे. एकदा होडीतून पिंप उतरवताना त्याच्या तळघराची किल्ली पाण्यात पडली. कुलूप असलं दांडगं, की लोहारालाही दाद देईना. तीन दिवस गल्ली तहानेनं वाळली. चौथ्या दिवशी पहाटे पुलावर एक बगळा येऊन बसला, त्याच्या चोचीत वाम मासा, आणि माशाच्या तोंडात किल्ली. बियरवाल्यानं बगळ्याला दगडात कोरून दारावर बसवलं, पिढ्यानपिढ्या कुणी विसरू नये म्हणून.

ही गोष्ट तिला तिच्या वडलांनी सांगितली होती. वडील गवंडी होते. हात चुन्यानं भेगाळलेले, तोंडात कायम बारीकशी शीळ.

आणि ही गोष्ट सांगताना तिचा आवाज चार घरांपलीकडे जाईल इतका वर चढायचा. त्याला कारण होतं. दगडाच्या घरापासून चार घरं सोडून, कालव्याच्या याच काठाला, तळमजल्यावर तिचा थोरला भाऊ लेन्दर्त राहायचा. तो चिनी मातीच्या कारखान्यात भांड्यांवर निळी चित्रं काढायचा. आता घरी बसला होता. त्याची मोठी खिडकी रस्त्यावर उघडी असायची, तशी त्या गल्लीत सगळ्यांचीच असते. बारा वाजून पाच मिनिटांनी तो खिडकीशी मेजावर बसलेला असे. समोर पाव, चीज, ताकाचा पेला आणि वर्तमानपत्र. आलायदा गोष्ट सांगायची, तो पान उलटायचा. तिनं कधी खिडकीकडे पाहिलं नाही, त्यानं कधी वर पाहिलं नाही. आईच्या मयताचा एक दिवस सोडला, तर नऊ वर्षं दोघा भावंडांची भेट ती एवढीच.

नऊ वर्षांपूर्वी आईचा ऐंशीवा वाढदिवस होता. रिवाजाप्रमाणे खुर्च्या गोल मांडल्या होत्या, येणारा प्रत्येक जण आईचं आणि मग वर्तुळातल्या एकेकाचं हात हातात घेऊन अभिनंदन करत होता, मांडीवर केकच्या बश्या होत्या. कुणीतरी आलायदाला बगळ्याची गोष्ट सांगायला लावली. ती संपली आणि लेन्दर्त सरळ म्हणाला, “खोटं आहे सगळं. मी नगराच्या जुन्या कागदांत पाहिलंय. तो दगड त्या घराचा नाहीच.”

“म्हणजे बाबा खोटं बोलले?”

“हो. आणि तू ते माइकवर बोलतेस.”

आलायदानं बशी खुर्चीखाली ठेवली, कोट घातला आणि कुणाचा निरोप न घेता निघाली. पुढच्या मार्चमध्ये त्याच्या वाढदिवसाला ती गेली नाही, कार्डही धाडलं नाही. तिथं नातं तोडायला एवढं पुरतं. शिव्या द्याव्या लागत नाहीत. सहा वर्षांपूर्वी आई गेली तेव्हा दोघांनी दोन कचेऱ्यांतल्या अधिकाऱ्यांसारखे हात मिळवले, कॉफी प्यायली आणि दोन दिशांना गेली.

त्या गुरुवारी छत्री उंच धरून ती कालव्याच्या काठाला वळली. चाळीसजण मागून येत होते. लिंडनची पानं विटांवर चिकटली होती. आणि लेन्दर्तच्या खिडकीला पडदा होता.

त्या गल्लीत दिवसाउजेडी पडदा लावत नाहीत. आत काय आहे ते दिसू द्यावं, लपवण्यासारखं काही नाही हे जगाला कळावं, अशी ती खिडकी असते. पडदा लागतो तो रात्री, आणि घरात मूठमाती द्यायची राहिलेली असते तेव्हा. वडील गेले त्या दिवशी आईनं पुढच्या खोलीचा पडदा ओढला आणि चार दिवस तो तसाच होता. गल्लीतल्या बायका त्या पडद्याकडे बघून डोक्यावरचे रुमाल सारखे करत. आलायदा तेव्हा नऊ वर्षांची होती.

ती दगडासमोर उभी राहिली आणि गोष्ट सांगू लागली. आवाज नेहमीसारखाच निघाला, कारण त्याला सवय होती. सोमवारी तो खिडकीशी होता. मंगळवार, बुधवार तिची सुट्टी. बियर, होडी, किल्ली. सोमवारी तो होता, ताकाचा पेला होता. वाम मासा, चोच, दगड. बाजारचौकात तिनं वेळ सांगितली, बोटांवर दाखवली. “सव्वा वाजता बसजवळ. बस थांबत नाही.”

“ऐकलंय,” ओलिंदाबाई म्हणाल्या.

लोक पांगले. आलायदा चौकाच्या मधोमध छत्री धरून उभी राहिली. फोन बसमध्ये तिच्या जागेवर राहिला होता. विचारायचं तरी कुणाला? आणि कुणी असतं तरी काय विचारणार होती, की माझा भाऊ जिवंत आहे का ते तुम्हाला माहीत आहे का? न कळवता सख्ख्या भावाच्या दारात जाणं तिथं होत नाही. आठवडाभर आधी दिवस ठरतो, तास ठरतो, मग घंटी वाजते. पण पडदा लागलेल्या घराला आधी कळवणार कसं?

गुरुवार म्हणून कालव्याकाठी फुलांचा बाजार भरला होता. सुतकाच्या घरी रिकाम्या हातानं जायचं नसतं. तिनं पांढऱ्या शेवंतीची जुडी घेतली. विकणाऱ्या बाईनं कागद गुंडाळता गुंडाळता विचारलं, “जवळचं कुणी?”

“भाऊ,” आलायदा म्हणाली. नऊ वर्षांत हा शब्द तिनं कुणाजवळ उच्चारला नव्हता.

बारा चाळीसला तिनं घंटी वाजवली. आत बराच वेळ काही हललं नाही. मग पायांचा घसटण्याचा आवाज आला, कडी निघाली आणि दारात लेन्दर्त उभा राहिला. पायात चपला, अंगात कोपरांना ठिगळ लावलेला स्वेटर, डाव्या डोळ्यावर पांढरी पट्टी. उरलेल्या डोळ्यानं त्यानं आधी फुलं पाहिली, मग छत्री, मग ती.

“कोण गेलं?” त्यानं विचारलं.

“तू.”

“मला कुणी कळवलं नाही.”

तिच्या हातातला कागद कुरकुरला. “भर दुपारी पडदा लावून बसलायस! काही लाज?”

“मोतीबिंदू काढला काल. उजेड डोळ्यात टाचणीसारखा घुसतो.”

“गल्ली काय म्हणेल?”

“कुठली गल्ली?” लेन्दर्त म्हणाला. “डावीकडे विद्यार्थी राहतात, उजवीकडचं घर पाहुण्यांना भाड्यानं दिलंय. त्यांना वाटलं असेल म्हातारा झोपलाय. या पडद्याचा अर्थ कळणारी आता तू एकटीच उरलीस.” मग म्हणाला, “वेळ ठरवून आली असतीस तर काहीतरी गोड आणलं असतं. आता आत ये. दार उघडं राहिलं की उजेड येतो.”

आतल्या अंधाराला टर्पेंटाइनचा आणि कॉफीचा वास होता. त्यानं चाचपडत कॉफी केली. तिनं मदत करू का असं विचारलं नाही, कारण तो नाहीच म्हणाला असता. डब्यातून एकेक बिस्किट निघालं आणि झाकण बंद झालं. शेवंती त्यानं स्वतःच रंगवलेल्या बरणीत ठेवली. बरणीवर निळी पवनचक्की होती.

“माझ्या मयताची फुलं मीच पाण्यात ठेवतोय,” तो म्हणाला. “बरी आहेत. महाग घेतलीस?”

“तुझ्याच लायकीची घेतली.”

तो हसला. पडद्यातून पिवळसर उजेडाची एक फट मेजावर पडली होती, ती त्यानं वर्तमानपत्रानं झाकली.

“तू वसंतापासून गोष्ट खराब सांगतेस, लायदा,” तो एकदम म्हणाला. लायदा हे तिचं घरातलं नाव. त्या नावानं हाक मारणारं आता दुसरं कुणी नव्हतं. “तहानेचे तीन दिवस होते. तू दोनच सांगतेस.”

“आज तीन सांगितले.”

“आज ऐकू आलं. जाड पडदा आहे तरी. पण एप्रिलपासून दोनच.”

“माणसं फार असतात. वेळ पुरत नाही.”

“बाबा तीन सांगायचे. तिसऱ्या दिवशी पाद्री चर्चमध्ये खोकतो आणि कुणी त्याला घोटभर बियर देत नाही, हे तू तर पूर्णच गाळलंस. तीच तर गंमत.”

“बाबा खोटारडे होते ना?”

लेन्दर्तनं कप खाली ठेवला. “होतेच. दगड लायडनच्या पाडलेल्या एका घरातला. इथं छप्पन्न साली आला. त्या घराची डागडुजी निघाली होती, दारावर खड्डा पडला होता, तो बुजवायला दगड आणला. कामगारांच्या हजेरीच्या वहीत सगळं लिहिलंय. कुणी बसवला तेही.”

“कुणी?”

“ग. रोडेनबुर्ख, गवंडी.”

आलायदाच्या हातातलं अर्धं बिस्किट तसंच राहिलं. ग म्हणजे खेरित, त्यांचे वडील; तिथं लिहिताना ग, बोलताना ख.

“त्या दिवशी हेच सांगणार होतो,” लेन्दर्त म्हणाला. “त्यांनीच दगड बसवला, आणि शिडीवरून उतरून घरी येताना वाटेत गोष्ट रचली. मी तेव्हा वर्षाचा होतो. म्हणजे बहुतेक मला झोपवायला रचली असणार. एवढं सांगायचं होतं. पण ‘खोटं’ म्हटलं आणि तू कोट घातलास.”

“त्याला नऊ वर्षं झाली, लेन्दर्त!”

“तू नऊ वर्षांत वेळ मागितली नाहीस.”

“पत्र टाकता येत नव्हतं?”

“पत्रात काय लिहायचं? ही काय पत्रातली गोष्ट आहे?” तो जरा चिडून म्हणाला. “आणि तू रोज येतच होतीस. म्हटलं, आज ना उद्या घंटी वाजवील. बारा पाचला जेवायला बसायचं म्हणून मी डॉक्टरांची वेळसुद्धा कधी दुपारची घेतली नाही. काल पहिल्यांदा घेतली, बुधवारी तू नसतेस म्हणून.”

आलायदानं कप उचलला. उरलेली कॉफी प्यायली. ती गार झाली होती. मग उठून ती संडासात गेली. तिथल्या घराघरांत असतं तसं दाराच्या आतल्या बाजूला वाढदिवसांचं कॅलेंडर लटकत होतं. वर्षं नसलेलं, नुसते महिने आणि तारखा. तिनं स्वतःचं कॅलेंडर जुनं झालं तेव्हा नवं आणलं होतं आणि सगळी नावं उतरवून घेताना मार्चमधलं एक नाव गाळलं होतं. आता तिनं नोव्हेंबरचं पान उचललं. नऊ तारखेसमोर बारीक निळ्या कुंचल्यानं लिहिलं होतं, लायदा. नावाशेजारी तांदळाच्या दाण्याएवढा बगळा होता. ती ते बराच वेळ बघत राहिली. त्या अरुंद जागेत घड्याळ नव्हतं, आणि मनगटावरच्या घड्याळाकडे बघायचं तिला सुचलं नाही.

बाहेर आल्यावर लेन्दर्त खिशातली डायरी एका डोळ्याशी धरून बसला होता.

“मंगळवारी साडेदहा?” ती म्हणाली.

“मंगळवारी साडेदहाला कान तपासायचेत. अकरा.”

“अकरा. गोड मी आणते.”

“नको, माझ्या घरी मी आणतो. तू वेळेवर ये.”

तेव्हा तिनं घड्याळ पाहिलं. एक वाजून बावीस.

बासष्ट वर्षांची बाई पिवळी छत्री आडवी धरून डेल्फ्टच्या विटांवरून धावली, तेव्हा दोन सायकलवाल्यांनी घंट्या वाजवल्या आणि एकानं “रस्ता तुमच्या बापाचा आहे का?” असं विचारलं. बसच्या जागेवर बस नव्हती. ओल्या दगडांवर तेवढाच एक कोरडा लांबट चौकोन होता. आलायदा त्या चौकोनाच्या कडेला उभी राहिली. तिला राग आला नाही. वोब्बेनं पाच मिनिटं जरी वाट पाहिली असती, तर तिला उद्यापासून लोकांसमोर बोटं दाखवता आली नसती.

हेगला जाणारी एक नंबरची ट्राम मिळाली. ती बसली नाही. अगदी पुढे, दांड्याला धरून उभी राहिली. दोन्ही बाजूंनी कुरणं, नाल्यांच्या रेघा, गाई, मग घरं दाट होत गेली. शांतता-महालाच्या, म्हणजे जागतिक न्यायालयाच्या, थांब्यावर ती उतरली, तेव्हा दोन वाजून गेले होते. बस दरवाजासमोर उभी होती. प्रवासी कुंपणाच्या जाळीतून फोटो काढत होते आणि वोब्बे हातात माइक धरून, जन्माचं ओझं उचलल्यासारखा चेहरा करून, बसच्या पायरीवर उभा होता.

ओलिंदाबाईंनी तिला आधी पाहिलं. त्या दोन पावलं पुढे आल्या, मनगट वर केलं आणि घड्याळावर बोट आपटलं. “एक्कावन्न मिनिटं.”

“बरोबर,” आलायदा म्हणाली.

“मीच सांगितलं ड्रायव्हरला. ते थांबणार होते. म्हटलं, ही बस त्या बाईंची नाही, सगळ्यांची आहे.”

“तुम्ही तीस वर्षं शाळा चांगली चालवली असणार.”

ओलिंदाबाईंनी तिच्या घामेजल्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं, मग पिशवीतून पाण्याची बाटली काढून पुढे केली. दुआर्ते मागून म्हणाले, “हिनं मला पन्नास वर्षांत कधी बाटली दिली नाही. गुडघे दुखायला हवेत की धावायला हवं, काय ते ठरव बाई.”

वोब्बेनं माइक तिच्या हातात दिला. “जनरलसाहेब, मी थांबणार नव्हतो. ती बाई खोटं बोलते.”

“ठाऊक आहे. काय सांगितलंस लोकांना?”

“म्हटलं, हा महाल आहे. शांततेचा. आमच्या फ्रिसलंडमध्ये शांतता आहे, महाल लागत नाही.”

“बस्स?”

“पुरे झालं. कुणी प्रश्न विचारला नाही.” मग खालच्या आवाजात म्हणाला, “सगळं ठीक?”

“भाऊ मेला होता,” आलायदा म्हणाली. “आता बरा आहे.”

वोब्बेनं मान हलवली आणि इंजिन सुरू केलं. उत्तरेकडच्या माणसाला एवढं पुरतं.

दुसऱ्या दिवशी शुक्रवारी, बारा वाजून पाच मिनिटांनी, ती नवी बेचाळीस माणसं घेऊन कालव्याच्या काठाला वळली. पडदा अर्धा सरकलेला होता. आत काळा चष्मा लावलेला लेन्दर्त बसला होता, समोर पाव, चीज, ताक. वर्तमानपत्र नव्हतं, वाचायची मनाई होती.

आलायदानं छत्री टेकली. तहानेचे तीन दिवस सांगितले आणि पाद्र्याला खोकवलं. लोक मोठ्यानं हसले. खिडकीतल्या माणसानं ताकाचा पेला उचलला, वर धरला आणि प्यायला.

मागच्या रांगेतून एका तरुण मुलीनं हात वर केला. “पण हे खरं आहे का? म्हणजे कुठं लिहिलंय का?”

हा प्रश्न सव्वीस वर्षांत शेकडो वेळा आला होता, आणि दर वेळी आलायदा तो ऐकू न आल्यासारखं करून पुढे चालू लागायची. आज ती थांबली. तिनं दगडाकडे पाहिलं, त्याच्या कडेनं भरलेल्या चुन्याच्या जुन्या रेघेकडे पाहिलं. ती रेघ सरळ होती, हात कसबी होता.

“ज्यानं हा दगड इथं बसवला,” ती म्हणाली, “त्यानंच मला सांगितलंय.”

मुलीनं दगडाकडे पाहिलं, मग आलायदाच्या वयाचा अंदाज घेतला आणि तिचा गोंधळ उडाला. पण तोवर पिवळी छत्री वर गेली होती आणि माणसं पुलाकडे चालू लागली होती. सव्वा वाजता बस सुटायची होती.